अश्वांचे जंतनियंत्रण : प्रस्तावना

कुरणावर चरणाऱ्या घोड्याच्या आतड्यात जंत असणे ही अपवादात्मक अवस्था नाही. जिथे लीद पडते आणि त्याच जागेचे गवत पुन्हा खाल्ले जाते, तिथे जंतांचे चक्र चालू राहतेच. बहुतेक प्रौढ घोडे थोडाफार भार घेऊन निरोगी आयुष्य काढतात, आणि रोग उद्भवतो तो भार एका मर्यादेपलीकडे गेल्यावर किंवा जंताची एखादी विशेष घातक जात शरीरात शिरल्यावर. ही गोष्ट साधी असली तरी तिचे परिणाम दूरगामी आहेत. घोडा पूर्णपणे जंतमुक्त ठेवण्याचा प्रयत्न विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अनेक देशांत झाला, त्याला आरंभी मोठे यश आले, आणि पुढे तोच प्रयत्न उपलब्ध औषधे निष्प्रभ होण्याचे प्रमुख कारण ठरला. म्हणून आजच्या अश्ववैद्यकात जंतनिर्मूलनाऐवजी जंतनियंत्रण हे उद्दिष्ट मानले जाते, आणि औषध देण्याआधी व दिल्यानंतर मोजणी करणे हा त्या नियंत्रणाचा पाया समजला जातो. हीच भूमिका प्रस्तुत पुस्तकाच्या मुळाशी आहे.

घोड्यातील जंतांमध्ये 'स्ट्राँगाइल' या गटाचे महत्त्व सर्वाधिक आहे. या गोल जंतांची मादी मोठ्या आतड्यात अंडी घालते, ती लिदीबरोबर बाहेर पडतात, ऊब आणि ओलावा मिळाल्यास त्यांतून अळ्या निघतात, आणि तिसऱ्या अवस्थेला पोहोचलेली अळी दवाच्या किंवा पावसाच्या पातळ थरातून गवताच्या पात्यावर चढून घोड्याच्या तोंडात जाते. या गटातील मोठ्या स्ट्राँगाइलांपैकी 'स्ट्राँगायलस व्हल्गॅरिस' हा सर्वांत घातक मानला जातो, कारण त्याच्या अळ्या आतड्याची भिंत भेदून आतड्यांना रक्त पुरवणाऱ्या मुख्य धमनीत शिरतात, तिच्या अस्तराला इजा करतात आणि तिथे रक्ताच्या गुठळ्या तयार होतात. गुठळीचा तुकडा सुटून पुढच्या लहान वाहिनीत अडकला, तर आतड्याच्या त्या भागाचा रक्तपुरवठा तुटतो आणि घोड्याला जीवघेणा पोटशूळ होतो. अळी शिरल्यापासून तिची प्रौढ मादी होऊन अंडी दिसू लागेपर्यंत सुमारे सहा ते सात महिने जातात. म्हणजे धमनीत नुकसान चालू असताना लिदीत त्याची एकही खूण सापडत नाही, असा काळ बराच मोठा असतो.

या जंताविरुद्धच्या लढ्याचा इतिहास समजल्याखेरीज आजची अडचण समजत नाही. 1940 च्या दशकापासून फिनोथायझिन हे औषध घोड्यांना दिले जाऊ लागले आणि 1961 साली थायाबेंडाझोल बाजारात आले. ते अधिक परिणामकारक व तुलनेने सुरक्षित होते, आणि 'बेंझिमिडाझोल' या औषधकुळाची सुरुवात त्याच्यापासून झाली. 1966 साली केंटकी विद्यापीठातील हॅरल्ड ड्रज आणि जीन लायन्स यांनी दर दोन महिन्यांच्या आसपास सर्व घोड्यांना औषध देण्याची पद्धत सुचवली. तिच्यामागचा विचार असा होता, की अंडी घालणाऱ्या प्रौढ जंतांना ठरावीक अंतराने मारत राहिल्यास कुरणावर अळ्याच उरणार नाहीत. स्ट्राँगायलस व्हल्गॅरिसच्या बाबतीत हा विचार अचूक ठरला. त्याचे आयुष्यचक्र लांब असल्याने दोन महिन्यांच्या अंतराने येणारे औषध त्याला पुन्हा सावरू देत नव्हते, आणि काही दशकांत अनेक देशांतील सुव्यवस्थित पागांमधून तो जवळजवळ नाहीसा झाला.

मात्र त्याच पद्धतीने रिकामी केलेली जागा लहान स्ट्राँगाइलांनी व्यापली. 'सायथोस्टोमिन' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या जंतांच्या सुमारे 50 जाती असून एकाच घोड्यात त्यांतल्या अनेक जाती एकत्र नांदतात. त्यांच्या अळ्या धमन्यांत जात नाहीत. त्या अंधांत्राच्या आणि मोठ्या आतड्याच्या अस्तरात शिरून स्वतःभोवती कोष करतात. अनुकूल काळ येईपर्यंत त्या तिथे अनेक महिने, प्रसंगी दोन वर्षांहूनही अधिक काळ सुप्तावस्थेत राहू शकतात. कोषात असताना त्या बहुतेक औषधांच्या एका मात्रेला दाद देत नाहीत. कधी हजारो अळ्या एकाच वेळी कोष फोडून बाहेर पडतात, आणि त्या वेळी आतड्याच्या अस्तराला तीव्र दाह होऊन जुलाब, अंगावर सूज आणि झपाट्याने वजन घटणे अशी लक्षणे दिसतात. हा विकार झालेल्या घोड्यांपैकी निम्म्यापर्यंत घोडे उपचार करूनही दगावू शकतात. प्रौढ जंत औषधाने एकदम मारले गेले, की जागा रिकामी झाल्यामुळे कोषातील अळ्या बाहेर पडण्यास चालना मिळते, असेही दिसून आले आहे. त्यामुळे मोठा भार असलेल्या घोड्याला घाईने दिलेले औषध कधी कधी रोगाचे निमित्त होऊ शकते.

वारंवार औषध देण्याचा दुसरा परिणाम हळूहळू उघड झाला. औषधाच्या प्रत्येक मात्रेत बहुसंख्य जंत मरतात, पण ज्या थोड्या जंतांच्या जनुकांत औषध न जुमानण्याचा गुण आधीपासून असतो ते वाचतात, त्या काळात अंडी फक्त तेच घालतात आणि पुढच्या पिढीत त्यांचे प्रमाण वाढते. सर्व घोड्यांना एकाच दिवशी, वर्षातून सहा वेळा औषध दिल्यास ही निवड फार वेगाने होते, कारण औषधाचा संपर्क न झालेले जंत त्या कुरणावर फारसे उरतच नाहीत. अशा संपर्काबाहेर राहिलेल्या जंतांच्या साठ्याला परजीवीशास्त्रात 'रेफ्युजिया' म्हणतात. हे औषधाला बळी पडणारे जंत प्रतिरोधक जंतांशी संकर करून प्रतिरोधाचा गुण विरळ ठेवतात. म्हणून काही घोड्यांना मुद्दाम औषध न देणे हाही आज नियंत्रणाचा विचारपूर्वक भाग झाला आहे.

आयव्हरमेक्टिनच्या आगमनाने ही अडचण काही काळ झाकली गेली. जपानमधील सातोशी ओमुरा यांनी शिझुओका प्रांतातील मातीतून वेगळ्या केलेल्या जिवाणूपासून आणि विल्यम कॅम्पबेल यांनी मर्क कंपनीत केलेल्या संशोधनातून हे औषध घडले. 1981 पासून ते प्राण्यांसाठी उपलब्ध झाले आणि 2015 साली या दोघांना त्याबद्दल नोबेल पारितोषिकात वाटा मिळाला. शरीरात भ्रमण करणाऱ्या मोठ्या स्ट्राँगाइलांच्या अळ्यांपासून जठरातील बॉट माशीच्या अळ्यांपर्यंत अनेक परजीवींवर एकच औषध चालू लागल्यामुळे मोजणीची गरजच संपली, असा समज पसरला. आयव्हरमेक्टिन नवे असताना ते दिल्यानंतर लिदीत अंडी पुन्हा दिसायला नऊ ते तेरा आठवडे लागत. आज अनेक ठिकाणी ती चार-पाच आठवड्यांतच दिसू लागतात. बेंझिमिडाझोल कुळाला दाद न देणारे लहान स्ट्राँगाइल तर आता जगभर आढळतात. आयव्हरमेक्टिन आणि मॉक्सिडेक्टिन यांचे कूळ बाजारात आल्यानंतर घोड्यांच्या स्ट्राँगाइलांवर चालणारे पूर्णतः नवे औषधकूळ आलेले नाही. त्यामुळे आहेत ती औषधे मर्यादित साठ्यासारखी जपून वापरणे भाग आहे.

यावर उलट टोकाला जाणेही धोक्याचे आहे, हे डेन्मार्कच्या अनुभवावरून दिसते. त्या देशात 1999 पासून घोड्यांचे जंतनाशक पशुवैद्यकाच्या चिठ्ठीशिवाय मिळत नाही, आणि चिठ्ठी लिदीच्या तपासणीवर आधारलेली असावी लागते. औषधाचा वापर त्यामुळे घटला. पण पुढे झालेल्या पाहणीत, केवळ जास्त अंडी टाकणाऱ्या घोड्यांनाच औषध देणाऱ्या पागांमध्ये स्ट्राँगायलस व्हल्गॅरिसचे प्रमाण अधिक असल्याचे आढळले. कमी अंडी टाकणारा घोडाही या घातक जंताचा वाहक असू शकतो, आणि त्याला वर्षानुवर्षे औषध न मिळाल्यास सहा-सात महिन्यांचे लांब चक्र पूर्ण करण्याची संधी जंताला मिळते. म्हणून आजच्या शिफारशींत दोन्ही गोष्टींची सांगड घातलेली असते: प्रत्येक प्रौढ घोड्याला वर्षातून एक किंवा दोन वेळा योग्य ऋतूत पायाभूत उपचार, आणि त्यापलीकडचे उपचार केवळ मोजणीने आवश्यक ठरलेल्या घोड्यांना.

ही मोजणी करण्याची सर्वाधिक प्रचलित रीत 'मॅकमास्टर' या नावाने ओळखली जाते, आणि ती गावपातळीवरच्या दवाखान्यातही करता येण्याइतकी सोपी आहे. ताजी लीद दोन ग्रॅम तोलून 28 मिलिलिटर संपृक्त मिठाच्या द्रावणात कालवतात आणि गाळून घेतात. द्रावण अंड्यांपेक्षा जड असल्यामुळे अंडी वर तरंगतात, आणि रेषा आखलेल्या काचेच्या दोन कप्प्यांत ते भरून सूक्ष्मदर्शकाखाली अंडी मोजतात. दोन्ही कप्प्यांत मिळून 0.3 मिलिलिटर द्रावण तपासले जात असल्याने दिसलेल्या प्रत्येक अंड्याचा अर्थ ग्रॅममागे 50 अंडी असा होतो. 14 अंडी दिसली, तर घोडा ग्रॅममागे 700 अंडी टाकत आहे असे धरतात. सामान्यतः 200 ते 500 या दरम्यान उपचाराची मर्यादा ठरवली जाते. लीद जमिनीवर पडून राहिली किंवा उन्हात ठेवली गेली, तर आपल्याकडच्या उष्णतेत अंडी एका दिवसाच्या आत फुटतात आणि मोजणी खोटी कमी येते. म्हणून नमुना ताजा घेऊन, पिशवीतील हवा काढून, थंड ठेवून लवकर तपासणे आवश्यक असते.

अशा मोजण्यांतून एक महत्त्वाची गोष्ट पुन्हा पुन्हा दिसली आहे: एका कळपातील सुमारे 20 टक्के प्रौढ घोडे कुरणावर पडणाऱ्या अंड्यांपैकी 80 टक्क्यांच्या आसपास अंडी टाकतात, आणि एखादा घोडा कमी किंवा जास्त अंडी टाकणारा असणे हा गुण बहुधा वर्षानुवर्षे टिकतो. सर्वांना सारखे औषध देण्यापेक्षा या थोड्या घोड्यांकडे लक्ष देणे कुरणासाठी अधिक उपयुक्त ठरते. मोजणीचा दुसरा उपयोग औषधाची परीक्षा घेण्यासाठी होतो. औषधाच्या दिवशी आणि त्यानंतर 14 दिवसांनी अनेक घोड्यांची मोजणी करून सरासरी घट काढतात. ग्रॅममागे 800 अंडी 40 वर आली, तर घट 95 टक्के होते. पायरँटेल या जंतनाशकासाठी ती समाधानकारक मानता येईल, पण ज्याच्याकडून जवळजवळ 100 टक्के घट अपेक्षित असते त्या आयव्हरमेक्टिनसाठी तीच घट धोक्याची सूचना ठरते. कडुनिंबासारख्या पारंपरिक उपायांनाही हीच कसोटी लावणे न्याय्य आहे.

मोजणीच्या मर्यादाही तितक्याच स्पष्टपणे समजून घ्याव्या लागतात. ती कोषातील अळ्या किंवा धमनीतील अळ्या दाखवत नाही, आणि अंड्यांच्या संख्येवरून पोटातील जंतांची संख्या काढता येत नाही. लहान आतडे आणि अंधांत्र यांच्या सांध्यापाशी चिकटून राहणारा पट्टकृमी, ज्याचे संक्रमण गवतातील सूक्ष्म कोळीवर्गीय जिवांमार्फत होते, तो या रीतीने अनेकदा निसटतो. त्याच्यावर प्राझिक्वांटेल किंवा दुप्पट मात्रेतील पायरँटेल द्यावे लागते. गुदद्वाराभोवती अंडी चिकटवणाऱ्या जंतामुळे घोडा शेपटीचा बुडखा भिंतीला घासून केस झडवून घेतो, पण ती अंडी लिदीत क्वचितच सापडतात. त्वचेवर पारदर्शक चिकटपट्टी लावून ती काढावी लागतात. पुढच्या पायांच्या केसांवर पिवळसर ठिपक्यांसारखी दिसणारी बॉट माशीची अंडी मात्र मोतद्दाराला खरारा करतानाच दिसतात.

शिंगरांचा विचार स्वतंत्रपणे करावा लागतो, कारण त्यांचा मुख्य शत्रू स्ट्राँगाइल नसून 'पॅरास्कॅरिस' हा मोठा गोल जंत असतो. त्याच्या अळ्या यकृत आणि फुप्फुसांतून प्रवास करून पुन्हा लहान आतड्यात येतात, आणि त्याची जाड कवचाची अंडी तबेल्याच्या जमिनीत वर्षानुवर्षे टिकतात. आयव्हरमेक्टिनला न जुमानणारे पॅरास्कॅरिस 2002 पासून नोंदले गेले असून आता ते अनेक देशांत आढळतात, त्यामुळे शिंगरांच्या पहिल्या उपचारासाठी बेंझिमिडाझोल कुळातील औषध सुचवले जाते. साधारणपणे पहिली मात्रा दोन ते तीन महिन्यांच्या वयात आणि दुसरी दूध तोडण्याच्या सुमारास देतात. इथे औषधाची निवड सुरक्षिततेच्या दृष्टीनेही महत्त्वाची आहे: पोटात या जंतांची दाटी झालेल्या शिंगराला जंत झटकन लुळे पाडणारे औषध दिले, तर मेलेले जंत एकत्र गुंतून लहान आतडे तुंबते, आणि शस्त्रक्रियेशिवाय शिंगरू वाचणे कठीण होते.

सुरक्षित मात्रेची पहिली अट म्हणजे वजनाचा खरा अंदाज. आयव्हरमेक्टिनची घोड्यासाठीची मात्रा किलोमागे 0.2 मिलिग्रॅम आणि मॉक्सिडेक्टिनची 0.4 मिलिग्रॅम असते. 120 मिलिग्रॅम आयव्हरमेक्टिन असलेली लगद्याची एक नळी 600 किलोच्या घोड्यासाठी असते. वजनकाटा नसेल, तर छातीचा घेर सेंटिमीटरमध्ये मोजून त्याचा वर्ग करावा, त्याला खांद्याच्या टोकापासून पुठ्ठ्याच्या टोकापर्यंतच्या लांबीने गुणावे आणि 11,880 ने भागावे. घेर 150 आणि लांबी 140 सेंटिमीटर असलेल्या तट्टाचे वजन या हिशोबाने सुमारे 265 किलो येते. नजरेने ते 200 किलो धरले, तर जंतांना अपुरी मात्रा मिळून प्रतिरोधाला वाट मिळते; 600 किलोची संपूर्ण नळी दिली, तर मात्रा दुपटीहून अधिक होते. आयव्हरमेक्टिनच्या बाबतीत सशक्त घोडा ती बहुधा सहन करतो. मॉक्सिडेक्टिन मात्र शरीरातील चरबीत साठत असल्याने लहान शिंगरे आणि चरबी झडलेले अशक्त घोडे यांच्यासाठी धोकादायक ठरू शकते. औषध देण्याआधी तोंडातील वैरण गिळलेली असावी आणि लगदा जिभेच्या मागच्या भागावर ठेवला जावा, अन्यथा अर्धी मात्रा दाण्याबरोबर थुंकली जाते. गुरांसाठी बनवलेली इंजेक्शने आणि मिश्र औषधे स्वस्त व सहज मिळतात म्हणून घोड्याला देण्याची पद्धत टाळलीच पाहिजे, कारण घोड्यातील त्यांची सुरक्षितता गृहीत धरता येत नाही.

परदेशी वेळापत्रकांची नक्कल महाराष्ट्रात करता येत नाही, हा या पुस्तकाचा आणखी एक आग्रह आहे. अळ्यांना ऊब आणि ओलावा दोन्ही लागतात. थंड प्रदेशांत त्या हिवाळा तग धरून काढतात, तर दख्खनच्या पठारावर एप्रिल-मे महिन्यांचे कोरडे ऊन त्यांना फार काळ जगू देत नाही. त्यामुळे आपल्याकडे संक्रमणाचा मुख्य काळ पावसाळा आणि त्यानंतरचे ओलसर आठवडे हा असतो, आणि मोजणी व पायाभूत उपचार त्याभोवती आखणे तर्कसंगत ठरते. कुरणावरील लीद आठवड्यातून दोनदा उचलणे, घोड्यांनंतर गुरे किंवा मेंढ्या चारणे, ताजी लीद चराईवर न पसरता तिचे नीट खत होऊ देणे, या उपायांना प्रतिरोधाची भीती नसते. गुरे-मेंढ्यांच्या पोटात घोड्यांचे बहुतेक जंत वाढू शकत नाहीत, याला जठरातील एका जंताचा अपवाद आहे. गाढवे जवळ असतील तर फुप्फुसातील जंताचाही विचार करावा लागतो, कारण ती लक्षणे न दाखवता तो घोड्यांच्या कुरणावर पसरवतात. पावसाळ्यात माश्यांमार्फत जखमेत अळ्या शिरून ती चिघळते, त्या 'बरसाती' व्रणावरचा उपायही माश्यांच्या बंदोबस्तापासूनच सुरू होतो.

महाराष्ट्रातील घोडा एकाच प्रकारच्या परिस्थितीत राहत नाही. पुण्याच्या परिसरातील शर्यतीच्या घोड्यांच्या पैदास केंद्रांत शिंगरे आणि घोड्या दाटीने चरतात. माथेरानमध्ये मोटारींना बंदी असल्याने घोडा हे वाहतुकीचे एक प्रमुख साधन आहे. धनगरांच्या वाड्यांबरोबर फिरणारी तट्टे सतत नवी चराई गाठतात. वरातीचा घोडा बहुतेक वेळ तबेल्यात उभा असतो. नंदुरबार जिल्ह्यातील सारंगखेड्याला दत्तजयंतीच्या यात्रेत दूरदूरचे घोडे विक्रीला येतात, आणि तिथून घरी नेलेल्या घोड्याबरोबर त्याच्या मूळ पागेतील प्रतिरोधक जंतही येऊ शकतात. 2020 मध्ये आयर्लंडहून अमेरिकेत आणलेल्या तरुण घोड्यांत आयव्हरमेक्टिन आणि मॉक्सिडेक्टिनला न जुमानणारे लहान स्ट्राँगाइल आढळल्याची नोंद झाली, यावरून हा धोका किती दूर प्रवास करतो ते ध्यानात येते. म्हणून नव्या घोड्याला चराईवर सोडण्याआधी वेगळे ठेवणे, त्याला औषध देणे आणि 14 दिवसांनी त्याची लीद तपासणे ही रीत प्रत्येक पागेने पाळण्यासारखी आहे.

2019 च्या पशुगणनेनुसार भारतात सुमारे 3.4 लाख घोडे व तट्टे होती, आणि ही संख्या 2012 पेक्षा 45.6 टक्क्यांनी कमी होती. प्राणी कमी होतात तसा त्यांच्याविषयीचा पिढीजात अनुभव विरळ होतो, आणि औषधविक्रेत्याचा सल्ला हाच एकमेव सल्ला उरतो. 1985 मध्ये हिसार येथे स्थापन झालेले राष्ट्रीय अश्व संशोधन केंद्र आणि 1886 पासून चालत आलेले मुंबईचे पशुवैद्यकीय महाविद्यालय यांसारख्या संस्थांतील ज्ञान पागेपर्यंत पोहोचायचे असेल, तर ते मोतद्दार, टांगेवाला आणि तालुक्याचा पशुवैद्यक या तिघांना वाचता येईल अशा मराठीत असले पाहिजे.

पुढील प्रकरणांची मांडणी याच गरजेतून झाली आहे. आरंभी जंतांची आयुष्यचक्रे, नंतर लिदीची तपासणी, त्यानंतर औषधांची कुळे व मात्रा, आणि शेवटी वयानुसार व ऋतूनुसार आखणी असा क्रम ठेवला आहे. तपासणीचे प्रकरण औषधांच्या प्रकरणाआधी येते ते हेतुपुरस्सर, कारण जो मालक प्रत्येक घोड्याचे वजन, मोजणी, दिलेले औषध आणि तारीख एका वहीत नोंदवतो, त्याला दोन-तीन वर्षांत आपल्या पागेत कोणते औषध चालते आणि कोणता घोडा कुरण बिघडवतो, याचे उत्तर त्याच वहीत मिळते. ते उत्तर पागेपागेप्रमाणे वेगळे असते, म्हणून या पुस्तकात सर्वांना लागू पडेल असे एकच वेळापत्रक दिलेले नाही. पशुवैद्यकाच्या सल्ल्याने स्वतःच्या पागेचे वेळापत्रक कसे तयार करावे, एवढेच ते शिकवते.